जुन्या कार्डाला नवा ड्रायव्हर

दादा, तुमची लेक बोलते आहे आणि तुमची नातसून लिहिते आहे. तिला तुम्ही पाहिलेलं नाही, तुमच्या नातवाचं लग्न तुम्ही गेल्यानंतर झालं. शाळेत शिकवते, पोहे चांगले करते, वरून जिरावन मसाला मात्र हात आखडून घालते. मी बोलायला लागले की "आई, जरा दम धरा" म्हणते, कारण तिची बोटं माझ्या तोंडाच्या मागे पडतात. आता हेही तिने लिहिलं. लिहू दे. तुम्हाला जाऊन तीस वर्षं होत आली आणि मला अजून अक्षर येत नाही, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे तुम्ही उगाच आशा धरून बसायला नको. सही तेवढी येते. ती तुम्ही शिकवलीत तशीच आहे, शेवटच्या अक्षराची शेपटी अजूनही कागदाबाहेर जाते.

सांगायचं एकच आहे. मिलच्या त्या कागदावर मी सही करून आले, त्या दिवशी मी तुमच्याशी खोटं बोलले, आणि त्या खोट्यापायी एका भल्या माणसाचं आपल्या घरी येणं कायमचं बंद झालं. हे मी कोणालाच सांगितलं नव्हतं. गेल्या आठवड्यात घरातला लॅपटॉप बिघडला नसता तर आताही सांगितलं नसतं. म्हणून आधी लॅपटॉपचं ऐका.

तुम्ही बँकेत कॉम्प्युटर पाहिला होतात. त्याला धूळ लागू नये म्हणून तिथला साहेब तुम्हाला चपला बाहेर काढायला लावायचा आणि तुम्ही घरी येऊन म्हणायचात, "देवळात सुद्धा एवढं बघत नाहीत." तोच कॉम्प्युटर आता घडी होऊन मांडीवर येतो. आपल्याकडचा तुमच्या नातवाच्या ऑफिसातून उतरलेला आहे, त्याला नऊ वर्षं झाली. एक बटण गेलेलं, झाकण उघडताना कुईं करतो, पण चालतो. त्याच्या पोटात राजगिऱ्याच्या वडीएवढं एक कार्ड असतं. ते तारेशिवाय, हवेतून, बाहेरच्या जगाशी बोलतं. पण नुसतं कार्ड असून भागत नाही. त्याच्याकडून काम करून घेणारा एक लागतो, त्याला ड्रायव्हर म्हणतात. माणूस नव्हे, आत लिहून ठेवलेलं काहीतरी असतं. दुरुस्तीच्या दुकानातल्या भियाने मला हे समजावलं तेव्हा मी म्हटलं, म्हणजे आमचा मिलमधला जॉबर, मागांवरचा मुकादम. विणाई खात्यातले कोपऱ्यातले ते सहा जुने माग आठवतात? त्यांच्यावरचा जॉबर गावी गेला की नवा यायचा, चांगला शिकलेला, नव्या मागांवर हात बसलेला, आणि ते सहाच्या सहा हटून बसायचे. मागात खोट नसायची, सुतात नसायची. त्या नव्याला त्यांचं काही कळायचं नाही, एवढंच. मग तुम्हाला बोलावणं यायचं. तुम्ही फिटर म्हणून रिटायर होऊन चार वर्षं झालेली, तरी यायचं, आणि तुम्ही ताटावरून उठून जायचात. आई म्हणायची, "मागाचंच लग्न लावून द्यायचं होतं यांच्याशी."

माझा आणि लॅपटॉपचा संबंध नातीमुळे आला. ती पुण्याला शिकते. जाण्याआधी तिने मला बसवून सगळं खुणांनी शिकवलं. काचेच्या खालच्या कोपऱ्यात चढत्या पायऱ्या दिसतात, त्या पांढऱ्या असल्या की हवेतलं बोलणं चालू. त्यांच्यावर लाल फुली आली की बंद. फुली मला वाचता येते. दर बुधवारी संध्याकाळी ती काचेत दिसते आणि मी तिला म्हणते, वाळलीस, आणि ती म्हणते, आजी, कॅमेरा तसा आहे. शिवाय दुपारी मी एकटी असते तेव्हा बायका काचेत स्वयंपाक करून दाखवतात, तो बघते. शिकायला नाही, चुका काढायला. नातीने जाताना आणखी एक सांगितलं होतं: "आजी, मध्येच चौकोन उघडला आणि काही विचारायला लागला, तर निळं बटण दाबायचं. निळं म्हणजे हो."

गेल्या आठवड्यातल्या मंगळवारी दुपारी एक बाई बाफले करत होती. कणकेत ओवा घालायलाच विसरली होती, मी तिला सांगतही होते, आणि तेवढ्यात तिच्या तोंडावर चौकोन उघडला. आत पुष्कळ लिहिलेलं, खाली दोन बटणं, एक निळं, एक पांढरं. मी निळं दाबलं. हिरवी पट्टी सरकत गेली, काच काळी झाली, पुन्हा उजळली, आणि पायऱ्यांवर लाल फुली आली. ती बाई गेली ती गेलीच. मी झाकण लावलं, लॅपटॉप होता त्या जागी ठेवला, वर त्याचं फडकं टाकलं आणि गच्चीवरचे कपडे आणायला गेले. कपडे ओले होते, तरी आणले.

संध्याकाळी ही शाळेतून आली. हिला नववीचे मार्क शनिवारपर्यंत शाळेच्या साइटवर चढवायचे होते, चार तुकड्यांचे. नेट नाही. तुमचा नातू सध्या इंदूर सोडून भोपाळला असतो, त्याला फोन लावला. तो म्हणाला, ड्रायव्हर उडाला असेल, नवा टाक. हिने मोबाइलवर नवा ड्रायव्हर उतरवला, वायर लावून लॅपटॉपमध्ये घातला. पायऱ्या दिसेनात. मग त्याहून नवा शोधला. मग त्याहूनही नवा. दरवेळी आधीचा पुसून टाकायची, लॅपटॉप बंद करायची, चालू करायची आणि मला म्हणायची, "आई, देवाचं नाव घ्या." मी घेत होते, पण वेगळ्या कारणासाठी. गुरुवारी ही कपाळाला हात लावून बसली आणि एकदम म्हणाली, "पंखा! दोन आठवड्यांपूर्वी पंखा बदलायला दिला होता ना? त्याने कार्डच काढून घेतलं असणार. चांगलं काढलं आणि भंगार बसवलं. हे लोक असंच करतात, आई."

मी काय म्हणाले माहीत आहे? म्हणाले, "करत असतील, बाई."

शुक्रवारी हिने अर्धी रजा टाकली. मी म्हटलं, मीही येते, राजवाड्याकडून सुपारी आणायची आहे. सुपारी घरात होती. आम्ही राजेंद्र नगरहून रिक्षा केली, कृष्णपुऱ्याच्या पुढे उतरून मागच्या गल्लीत चालत गेलो. दुकान म्हणजे एक कपाट उघडं ठेवावं तेवढं. एक काउंटर, एक स्टूल, भिंतीला उघडे लॅपटॉप, आणि आत एक पन्नाशीचा माणूस, गळ्यात भिंग अडकवलेला. हिने लॅपटॉप काउंटरवर आपटला नाही, पण ठेवला असंही म्हणता येणार नाही.

"भिया, कार्ड कहां है हमारा?"

"कौनसा कार्ड, मॅडम?"

"जो इसमें था. वायफाय वाला. तुमने बदला है."

गिऱ्हाइकं तीन होती, तिघांनी मान वळवली. दुकानदाराने लॅपटॉप उलटा केला, एक स्क्रू काढला, छोटं झाकण उघडलं आणि म्हणाला, "ये रहा आपका कार्ड. जो था वोई है. पंखे के टाइम तो मैंने ये ढक्कन खोला भी नी." ही म्हणाली, "हमको क्या मालूम कौनसा था! मैंने थोडी फोटो खींच के रखी थी." तो म्हणाला, "पंद्रा साल से बैठा हूं इस गली में." ही म्हणाली, "तो पंद्रा साल से यही कर रहे होंगे." आणि मग वर हेही: "आमच्या कॉलनीच्या ग्रुपवर टाकते मी. अर्ध्या लोकांचे लॅपटॉप इथेच येतात ना? बघते, आता कोण येतं."

तिघांपैकी एक गिऱ्हाईक आपला चार्जर उचलून हळूच निघून गेला. दुकानदाराने ते पाहिलं. त्याने हातातला पेचकस खाली ठेवला आणि हिच्याकडे न बघता माझ्याकडे बघितलं, घरातल्या मोठ्या माणसाकडे बघतात तसं. "अम्मा जी," तो म्हणाला, "आप ही बताओ."

आणि दादा, मी तिथे नव्हतेच. मी आपल्या स्वयंपाकघरात होते.

मिल बंद होत होती तेव्हाचे दिवस. एकदम नाही, एकेक खातं. आधी रंगाई गेली, मग विणाईतली एक पाळी. तुम्ही गेटसमोरच्या चहाच्या टपरीवर बसून पेपर मोठ्याने वाचायचात, कारण निम्म्यांना वाचता यायचं नाही आणि उरलेल्यांना चष्मा नव्हता. बाहेरच्या देशांचं कापड येणार, बाहेरच्या मशीन येणार, आता सगळं खुलं होणार. कोणीतरी विचारायचं, "काका, सब खुलेगा तो अपना गेट भी खुला रेगा ना?" आणि तुम्ही चष्मा पुसत बसायचात. मी तेव्हा वाइंडिंगमध्ये. तुमचे जावई गेले, मी चार वर्षांचं पोर घेऊन तुमच्या दारात आले, आणि तुम्हीच मला तिथे लावलंत. बॉबिनवरचं सूत कोनावर गुंडाळायचं, तुटलं की गाठ मारायची. माझी गाठ कापडात शोधून सापडायची नाही, हे खात्यात सगळे म्हणायचे आणि मी त्यांना म्हणू द्यायची.

पण अक्षर नाही. तुम्ही सगळ्या मोहल्ल्याची पत्रं वाचायचात, तारा वाचायचात, कोर्टाचे कागद वाचायचात, आणि तुमची मुलगी अंगठा लावायची. ते तुम्हाला किती लागायचं ते मला कळायचं आणि मी थट्टा करायची. तुम्ही ओट्यावर खडूने अक्षर काढलंत की मी त्यावर पोळी लाटायची. शेवटी तुम्ही म्हणालात, "बरं, वाचू नकोस. पण अंगठा लावायचा नाही." आणि महिनाभर रोज भाजी चिरून झाली की ओट्यावर माझं नाव माझ्याकडून काढून घेतलंत, रांगोळी शिकवावी तसं. कुठून सुरू, कुठे वळण, कुठे उचलायचं. पहिल्यांदा मी रजिस्टरवर सही केली, त्या दिवशी तुम्ही मला शाईचं पेन आणून दिलंत. अक्षर न येणाऱ्या मुलीला पेन! आई हसली, तुम्ही हसला नाहीत. मी ते पेन खात्यात पोलक्याला लावून जायची. बायकांना वाटायचं, हिला वाचता येतं. मी कधी हो म्हटलं नाही. नाहीही म्हटलं नाही.

तो कागद आला तेव्हा तुम्ही बजावलं होतंत: "कसलाही कागद असो, घरी आण. मी वाचल्याशिवाय सही नाही." खात्याबाहेर टेबल मांडलं होतं. टेबलावर तो बाबू होता, दर रविवारी आपल्याकडे बुद्धिबळ खेळायला यायचा तो. तुमच्याहून पंचवीस वर्षांनी लहान, तुम्हाला काका म्हणायचा, हरला की दोन चहा जास्त प्यायचा. माझा नंबर आला. माझ्या मागे आठ-दहा बाया. त्याने कागद माझ्यासमोर ठेवला आणि हळू आवाजात म्हणाला, "ताई, वाचून दाखवू का? घाई नाही काही. घरी न्यायचा तरी न्या."

एवढं त्याने विचारलं होतं, दादा. दोन्ही विचारलं होतं.

मी पोलक्याचं पेन काढलं. कागदावरून नजर फिरवली, डावीकडून उजवीकडे, ओळीओळीने, तुम्ही पेपर वाचताना फिरवायचात तशी. मध्ये एका ठिकाणी जरा थांबले सुद्धा, समजून घेतल्यासारखी. आणि म्हणाले, "वाचलं मी, बाबूजी." आणि सही केली. तो कागद राजीखुशीने नोकरी सोडण्याचा होता. मला ते गेटबाहेर कळलं, माझ्या मागची बाई म्हणाली तेव्हा, "तूने भी छोड दी? मैं तो घर ले जा रही, मरद से पूछूंगी." ज्यांनी सही केली नाही ते पुढे वर्षानुवर्षं भांडत राहिले. त्यांना काय मिळालं आणि काय नाही, ते इंदूरला माहीत आहे, आता तो वाद नको. पण ते भांडले. मी भांडणाऱ्यांत नव्हते, आणि तुम्हाला वाटायचं, मी असायला हवं होतं.

घरी आले, कशावर सही करून आले ते सांगितलं. तुम्ही विचारलंत, "वाचून दाखवलं नाही का त्याने?" तव्यावर पोळी होती. ती उलटायला जेवढा वेळ लागतो तेवढ्यात मी म्हणाले, "नाही. म्हणाला, हजेरीची सही आहे, करून टाका." तुम्ही चपला घातल्यात, उजवी डावीत. नंतर गल्लीने सांगितलं की तुम्ही त्याच्या दारात उभं राहून, त्याच्या बायकोसमोर, त्याच्या म्हाताऱ्या आईसमोर, त्याला काय काय बोललात. तुम्ही, जे मागालाही शिवी द्यायचे नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो आपल्या दारात येऊन उभा राहतो. तुम्ही उंबऱ्यावर. मी आत कणीक मळते आहे, दारातून मला तो दिसतो, त्याला मी दिसते. तो तुम्हाला म्हणतो, "काका, ताईंनाच विचारा. त्या सांगतील ते मला मान्य." रागाने म्हणत नाही. कागद दुसऱ्यांदा माझ्यासमोर ठेवावा तसं म्हणतो. मी कणकेत पाणी घालते. कणकेला पाणी नको आहे. आणि तुम्ही माझ्याकडे वळतच नाही. तुम्ही त्याला म्हणता, "तिला काय विचारायचं? तिला अक्षर येत नाही, हे माहीत नाही तुला?"

त्याला माहीत नव्हतं, दादा. तेव्हा कळलं. मला अजून त्याचा चेहरा दिसतो. त्याने माझ्याकडे बघितलं, पोलक्याच्या पेनाकडे बघितलं, आणि सगळं त्याच्या ध्यानात आलं. 'ताई म्हणाल्या, वाचलं', एवढं एकच वाक्य बोलून तो सुटला असता. तुमच्यासमोर, गल्लीसमोर. तो खाली बघून म्हणाला, "चुकलं माझं, काका." आणि गेला. पुन्हा आला नाही. तुम्ही आत येऊन मला एवढंच म्हणालात, "त्याने फसवलं ते फसवलं. तू मला का विचारलं नाहीस?" आयुष्यात तुम्ही मला रागावलात ते तेवढंच, आणि तेही अर्ध्या माहितीवर. त्यानंतर रविवारी तुम्ही एकटेच पट मांडायचात. पांढरी सोंगटी हलवून उठायचात, समोरच्या पाटावर जाऊन बसायचात आणि काळी हलवायचात. दीड वर्ष मी ते पाहिलं. तुम्ही गेलात तेव्हा तो आला होता. मागून खांदा दिला आणि निघून गेला.

तर राजवाड्यामागच्या गल्लीत एक माणूस मला म्हणत होता, आप ही बताओ, आणि या वेळी माझ्या हातात कणीक नव्हती. मी स्टुलावरून उठले. का उठले कोण जाणे, कोर्टात उठतात म्हणून असेल. हिला म्हटलं, "अगं, त्याने काही केलं नाही. मीच दाबलं. मंगळवारी दुपारी. निळं."

ही माझ्याकडे बघतच राहिली. "काय दाबलं?"

"मला काय माहीत काय होतं! चौकोन होता. विचारत होता काहीतरी. मी हो म्हटलं."

दुकानदाराने लॅपटॉप सरळ केला, चालू केला, दोन-तीन ठिकाणी उघडून बघितलं आणि काच हिच्याकडे वळवली. कधी काय बदललं, त्याची तारीख आत लिहिलेली असते. मंगळवारच होता. "अपडेट आया होगा," तो म्हणाला. "नया ड्राइवर डाल दिया इसने. कार्ड पुराना है, नए को ये पैचानता नी." ही लाल झाली. मान खाली घालून म्हणाली, "सॉरी भिया. मैंने बहुत बोल दिया." तो म्हणाला, "कोई बात नी, मॅडम." पण लगेच म्हणाला नाही. आधी गेलेल्या गिऱ्हाइकाच्या रिकाम्या जागेकडे एकदा बघितलं, मग म्हणाला. मी हिला सांगितलं, हे सुद्धा लिही. ती आता नाक ओढते आहे.

मग त्याने काम काढलं, आणि ते तुम्ही बघायला हवं होतंत. आधीचा ड्रायव्हर परत आणायचं एक बटण असतं म्हणे, पण हिने घरी पुसून-पुसून मागचा काही ठेवलाच नव्हता, त्यामुळे ते बटण मेलेलं. त्याने नेटवरून नवं काही घेतलं नाही. ड्रॉवरमधून एक डबी काढली, कॉम्प्युटरला लावायची. त्यात त्याने वर्षानुवर्षं, जो जुना लॅपटॉप दुकानात येईल त्याचा चालता ड्रायव्हर आधी काढून ठेवलेला. ही म्हणाली, "कंपनीच्या साइटवर नसतो का?" तो म्हणाला, "वो हटा देते हैं, मॅडम. उनको तो नया बेचना है." भिंग डोळ्याला लावून त्याने कार्डावरचा नंबर वाचला, बारीक, मुंगीच्या अक्षरांतला, एकेक आकडा मोठ्याने. पहिला ड्रायव्हर घातला, तो बसलाच नाही. दुसरा बसला, पायऱ्या आल्या, आणि बघता-बघता गेल्या. ही म्हणाली, "हाच चालवून घेऊ, भिया, थोडा वेळ तरी चालतोय." तो मान हलवून म्हणाला, "रुक-रुक के चलेगा तो आप फिर मुझको ही बोलोगे." तिसऱ्याला त्याने लॅपटॉप पूर्ण बंद केला, कार्डाच्या दोन बारीक तारा, एक काळी, एक पांढरी, बोटाने दाबून बघितल्या, आणि पुन्हा चालू केला. आम्ही तिघंही कोपऱ्याकडे बघत होतो. फुली गेली. पायऱ्या एकेक करून भरल्या. त्याने लगेच हातात दिला नाही, दहा मिनिटं तसाच चालू ठेवला आणि दुसरं काम करत मधून-मधून त्याच्याकडे बघत राहिला. तुम्ही माग दुरुस्त केल्यावर बिडी ओढत बसायचात, तो सुरात आहे का ऐकत, तसंच. शेवटी आपोआप बदलणारं जे काही असतं ते त्याने बंद केलं आणि मला म्हणाला, "अम्मा जी, अब जितना मरजी नीला दबाओ. ये अपने मन से कुछ नी करेगा." मी म्हटलं, "बेटा, आता मी पांढरं दाबणार आहे." तेव्हा कुठे तो हसला.

रिक्षात बसल्यावर ही लॅपटॉप मांडीवर धरून बाहेरच बघत होती. मला वाटलं, रागावली. मग म्हणाली, "आई, घरी सांगितलं असतं तर काय झालं असतं? मी तुम्हाला रागावले असते का?" मी म्हटलं, "नसतीस रागावली. म्हणूनच नाही सांगितलं." तिला ते कळलं नाही, आणि खरं तर मलाही बोलून झाल्यावर कळलं नाही. मग मी तिला बाबूची गोष्ट सांगायला लागले, कृष्णपुऱ्यापासून घराच्या फाटकापर्यंत. रिक्षा थांबली तरी आम्ही आतच बसलेल्या, आणि रिक्षावाला म्हणाला, "अम्मा, पूरी कर लो, मैं भी सुन रिया हूं."

मार्क शनिवारी चढले. बुधवारी नात काचेत आली, तिला मी निळ्याबद्दल काय ऐकवायचं ते ऐकवलं. आणि आज ही म्हणाली, "ते सगळं एकदा नीट सांगा, मी लिहून घेते." म्हणून हे. पाठवायचं कुठेच नाही, लॅपटॉपातच राहील. ही म्हणते, "छापून आजोबांच्या फोटोमागे ठेवू या का?" मी म्हटलं, नको, दादा रात्रंदिवस तेच वाचत बसतील.

आणखी एक आहे, ते तुम्हाला माहीत नसणार. तो बाबू आता आपल्या इथेच राहतो, राजेंद्र नगरलाच, चार गल्ल्या सोडून, मुलाच्या घरी, वरच्या मजल्यावर. केस गेले, बाकी तसाच आहे. गणपतीत मंडळात भेटतो. दरवर्षी हात जोडतो आणि म्हणतो, "ताई, बऱ्या आहात ना?" मी म्हणते, "बरी आहे, बाबूजी." एवढंच. त्याने घरीही कोणाला सांगितलेलं नाही, त्याची सून माझ्याशी जशी गोड बोलते त्यावरून मला कळतं. ही आता लिहायची थांबली आहे. म्हणते, "आई, मग हे पत्र आजोबांना कशाला? त्यांना द्यायचं ना." मी म्हटलं, दादा काही उलट विचारत नाहीत, म्हणून. ती म्हणते, "उद्या रविवार आहे. मी येते तुमच्याबरोबर." मी म्हटलं, अगं, माझा गुडघा दुखतोय, त्यांच्याकडे जिना आहे. तिने तेही लिहून घेतलं आणि माझ्या तोंडाकडे बघत बसली आहे.

बरं, लिही. दादा, गुडघा काही दुखत नाही.